पहिला लिफाफा

अमरावती असो की अकोला, सरकारी कामांच्या ठेकेदारीत मुरलेल्या माणसाशी दहा मिनिटे बोलले की एक तक्रार हमखास ऐकू येते: ‘पहिल्याच लिफाफ्यात उडवले.’ निविदा दोन लिफाफ्यांची असते. पहिल्यात कागदपत्रे: नोंदणी, उलाढाल, अनुभवाचे दाखले, यंत्रसामग्रीची यादी, बयाणा रक्कम, बँक गॅरंटी. दुसऱ्यात दर. आता हे सारे महाटेंडरच्या पोर्टलवर चढवावे लागते, पण क्रम तोच आहे. पहिला लिफाफा पास झाला तरच दुसरा उघडतो. म्हणजे सर्वांत कमी दर भरणाऱ्याचा दर कोणी पाहण्याआधीच त्याचा निकाल लागू शकतो.

म्हणून निविदेतली खरी झुंज दरापेक्षा पात्रतेच्या अटींवर होते. अट कोणी लिहिली, कशासाठी लिहिली आणि कोणाकडे पाहून लिहिली, याची चर्चा बांधकाम खात्याच्या आवारातल्या चहाच्या टपरीवर होते, तशीच ती सर्वोच्च न्यायालयातही गेली पंचेचाळीसेक वर्षे चालू आहे.

अटी असाव्यात, याबद्दल दुमत नाही. ज्याने आयुष्यात फक्त गावातली नाली बांधली, त्याच्या हाती धरणाचे दरवाजे देता येत नाहीत. किती अनुभव पुरेसा मानावा, याचे एक ढोबळ गणित केंद्रीय दक्षता आयोगाने डिसेंबर २००२ मध्ये घालून दिले. अंदाजपत्रकी किमतीच्या ८० टक्क्यांचे एक, ५० टक्क्यांची दोन किंवा ४० टक्क्यांची तीन तशीच कामे पूर्ण केलेली असावीत आणि गेल्या तीन वर्षांतली सरासरी वार्षिक उलाढाल अंदाजपत्रकाच्या निदान ३० टक्के असावी. दर्यापूरकडे दहा कोटींचा रस्ता निघाला, तर या हिशेबाने आठ कोटींचे एक, पाच कोटींची दोन किंवा चार कोटींची तीन कामे आणि वर्षाला तीन कोटींची उलाढाल एवढे पुरेसे ठरावे. हे गणित पाळले तर बऱ्याच तंट्यांना जागाच उरत नाही. तंटा सुरू होतो तो ‘तशीच कामे’ म्हणजे कोणती यावरून, किंवा हॉट मिक्स प्लांट कामापासून अमुक किलोमीटरच्या आतच हवा, अशी एखादी ओळ निविदेत शिरते तेव्हा. प्लांट लांब असला तर डांबरमिश्रित माल वाटेत थंड होतो, हे खरेच. मात्र त्या अंतराच्या आत प्लांट एकाच ठेकेदाराचा आहे, हेही तालुक्यात सगळ्यांना ठाऊक असते.

अशा वेळी दाद मागायची कुठे? निविदा काढणाऱ्या कार्यालयाकडे लेखी आक्षेप, मग वरच्या अधिकाऱ्याकडे, आणि तिथेही ऐकले गेले नाही तर मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ. अमरावती, अकोल्यासह विदर्भातली अशी प्रकरणे तिथेच जातात. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करायची आणि अनुच्छेद १४ मधल्या समानतेच्या हक्कावर बोट ठेवायचे, ही रूढ वाट. ती वाट ज्या खटल्याने रुंद केली, तो मुंबईचाच होता आणि त्याचा विषय होता विमानतळावरचे खाणे.

जानेवारी १९७७ मध्ये भारतीय आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरणाने मुंबई विमानतळावर एक दुय्यम दर्जाचे उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार तीन वर्षे चालवण्यासाठी निविदा मागवल्या. अट अशी, की अर्जदार नोंदणीकृत दुय्यम दर्जाचा हॉटेलवाला असावा आणि त्याला निदान पाच वर्षांचा अनुभव असावा. सहा निविदा आल्या. पूर्ण भरलेली आणि सर्वांत जास्त रकमेची एकच होती, महिना ६६६६ रुपये ६६ पैसे. काम तिलाच मिळाले. ज्याला ते मिळाले, त्याचा अनुभव दहा वर्षांहून जास्त होता, पण तो कंपन्यांची कँटीन चालवण्याचा. दुय्यम दर्जाचे हॉटेल त्याने कधी चालवले नव्हते.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले ते रमण दयाराम शेट्टी यांच्या नावाने. गंमत म्हणजे शेट्टी यांनी निविदा भरलीच नव्हती. मग त्यांचे काय बिघडले? त्यांचे म्हणणे असे, की अट वाचून आपण घरी बसलो. ती शिथिल होऊ शकते हे आधी कळले असते, तर आपणही निविदा भरली असती. न्यायमूर्ती पी. एन. भगवती, व्ही. डी. तुळजापूरकर आणि आर. एस. पाठक यांच्या पीठाने ४ मे १९७९ रोजी दिलेल्या निकालात हा मुद्दा उचलून धरला. सरकारी संस्थेने स्वतःच मापदंड जाहीर केला की तो तिच्यावरही बंधनकारक असतो. एकासाठी तो सैल केला, तर जाहिरात वाचून मागे राहिलेल्या सगळ्यांवर अन्याय होतो. सरकार कंत्राट देताना खासगी दुकानदारासारखे मनाला येईल त्याला गिऱ्हाईक निवडू शकत नाही, हे तत्त्व भारतात पक्के झाले ते या निकालाने.

वऱ्हाडातल्या लहान ठेकेदाराला हा निकाल ऐकवला, तर तो पहिला प्रश्न विचारेल: मग शेट्टींना काम मिळाले का? नाही मिळाले. याचिका काही महिन्यांच्या उशिराने आली होती, तोवर काम मिळालेल्या माणसाने उपाहारगृहासाठी सव्वा लाखाच्या आसपास खर्च केला होता, आणि शेट्टी हे दुसऱ्याच कुणाच्या वतीने लढत असावेत, असेही न्यायालयाला दिसले. तत्त्व मान्य झाले, कंत्राट मात्र रद्द झाले नाही. निविदांच्या खटल्यांत हे चित्र पुढेही वारंवार दिसते आणि वकील मंडळी अशिलाला ते सहसा आधी सांगत नाहीत.

उल्हासनगरचे प्रकरण त्याहून सरळ. तिथल्या महापालिकेने जकात वसुलीसाठी निविदा मागवल्या. त्या आल्यावर पात्रतेची एक अट वगळली आणि काम दुसऱ्याला दिले. मोनार्क इन्फ्रास्ट्रक्चर या कंपनीने ते आव्हानले. २००० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की खेळाडू मैदानात उतरल्यावर खेळाचे नियम बदलता येत नाहीत. ती अट नको होती तर सर्वांना पुन्हा संधी देऊन निविदा नव्याने काढायला हवी होती. जकात गेली, खटला आजही उद्धृत होतो.

एवढे वाचून कुणाला वाटेल, की न्यायालय निविदा समितीच्या डोक्यावर बसलेले आहे. वस्तुस्थिती बरोबर उलटी आहे. दिल्ली, मुंबई, कलकत्ता आणि मद्रास या चार महानगरांतल्या मोबाइल सेवेच्या परवान्यांवरून टाटा सेल्युलरचा खटला झाला. त्यात १९९४ साली सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच स्वतःला लगाम घातला. निर्णय बरोबर की चूक हे आम्ही तपासणार नाही. तो ज्या रीतीने घेतला गेला, ती रीत तपासू. मनमानी झाली का, पक्षपात झाला का, कायदा मोडला का, एवढेच पाहू. रस्त्याला खडी किती लागते, हे न्यायमूर्तींनी ठरवू नये, असा त्याचा सरळ अर्थ.

या संयमाचे विदर्भातले ठळक उदाहरण म्हणजे नागपूर मेट्रो. उन्नत मार्गाच्या बांधकामासाठी अनुभवाची अट होती ती मेट्रोच्या कामाची. एका चिनी आणि एका भारतीय कंपनीच्या संयुक्त उपक्रमाने दाखवलेला अनुभव चीनमधल्या शहरांना जोडणाऱ्या रेल्वेचा होता. नागपूर मेट्रो रेल कॉर्पोरेशनने त्याला अपात्र ठरवले. उच्च न्यायालयाला वाटले, पूल तो पूलच, रेल्वे ती रेल्वेच, अनुभव पुरेसा आहे. अॅफकॉन्स ही स्पर्धक कंपनी सर्वोच्च न्यायालयात गेली आणि सप्टेंबर २०१६ मध्ये उच्च न्यायालयाचा निकाल फिरला. न्यायमूर्ती मदन लोकूर यांच्या पीठाने म्हटले, की निविदेचा मसुदा ज्याने लिहिला, त्यालाच त्यातल्या गरजा सर्वांत चांगल्या कळतात. त्याने लावलेला अर्थ न्यायालयाला पटला नाही, तरी तेवढ्यावरून ढवळाढवळ करू नये. त्या अर्थात दुष्ट हेतू किंवा उघड विपर्यास असेल, तरच हात घालावा.

दोनच वर्षांनी विदर्भातलेच दुसरे प्रकरण आले आणि त्यात तराजूचे दुसरे पारडे खाली गेले. विदर्भ पाटबंधारे विकास महामंडळाने एका कामाच्या निविदेत बँक गॅरंटीची मुदत ठरवून दिली होती. एका बोलीदाराची गॅरंटी त्या मुदतीची नव्हती. महामंडळाने ती चूक पोटात घातली आणि दुरुस्त करू दिली. महामंडळाचा युक्तिवाद अॅफकॉन्सच्याच निकालावर उभा होता: मसुदा आमचा, अर्थ आमचा. २०१९ साली न्यायमूर्ती रोहिंटन नरिमन आणि विनीत सरन यांनी त्याच निकालाचा दुसरा अर्धा भाग वाचून दाखवला. निविदेतले शब्द शोभेचे नसतात. जी अट अत्यावश्यक म्हणून लिहिली, ती माफ करण्याचा अधिकार महामंडळाला नाही, आणि माफ केली तर तो अटीचा विपर्यासच होतो. सूट रद्दबातल ठरली.

दोन्ही निकाल शेजारी ठेवले की न्यायालयाची नजर नेमकी कुठे असते, ते उमगते. अट कडक आहे की सैल, याच्याशी त्याला फारसे कर्तव्य नाही. कडक अट लिहिण्याची सरकारला मोकळीक आहे. लिहिलेल्या अटीतून एकाला गुपचूप वाट काढून देण्याची मात्र नाही. पश्चिम विदर्भात हा विषय नवा नाही. बुलढाण्याचा जिगाव आणि अमरावतीचा निम्न पेढी या सिंचन प्रकल्पांच्या कंत्राटांवर नागपूर खंडपीठात जनहित याचिका झाल्या, तेव्हा कंत्राटदाराची पात्रता हा वादातला एक मुद्दा होता. प्रकल्प रेंगाळले की पाण्याची वाट पाहणारा शेतकरी निविदेच्या कागदांपर्यंत पोचत नाही, पण त्याच्या वावरात पाणी का आले नाही, याची एखादी नोंद त्या कागदांत असू शकते.

आता प्रश्न उरतो तो खुद्द अटीचा. कोणालाच सूट दिली नाही, सगळ्यांना एकच मोजपट्टी लावली, पण मोजपट्टीच अशी बनवली की ठरावीक उंचीचेच आत यावेत, तर?

महाराष्ट्रात याचे सर्वांत मोठे उदाहरण अंगणवाडीतल्या पोषण आहाराचे आहे. मेळघाटातल्या धारणी आणि चिखलदरा तालुक्यांतल्या कुपोषणामुळे अमरावती जिल्ह्याला हा विषय सांगावा लागत नाही. अंगणवाडीचा आहार ठेकेदारांकडून घेऊ नये, तो गावातले समुदाय, बचतगट आणि महिला मंडळे यांच्यामार्फत द्यावा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने ७ ऑक्टोबर २००४ रोजीच दिला होता. घरी न्यायच्या आहाराचे काम मात्र पुढे काही मोठ्या महिला संस्थांच्या हाती एकवटले. त्या संस्थांच्या आडून खासगी कंपन्याच धंदा करतात, असा ठपका न्यायालयाने नेमलेल्या आयुक्तांच्या अहवालात ठेवला गेला. २०१६ साली महिला व बालविकास विभागाने नवी निविदा काढली. व्यवहार सुमारे ६३०० कोटी रुपयांचा. कागदोपत्री निविदा बचतगटांसाठीच होती. पण प्रकल्पांची बांधणी मोठमोठ्या गटांत केली आणि आर्थिक ताकदीच्या अटी अशा ठेवल्या, की पापड-लोणच्यावर उभा राहिलेला गावातला गट त्या वाचूनच थांबावा.

वैष्णोराणी महिला बचत गटाच्या नावाने हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचले आणि फेब्रुवारी २०१९ मध्ये निविदा रद्द झाली. ज्यांच्यासाठी योजना आखली, त्यांनाच बाहेर ठेवणाऱ्या अटी टिकू शकत नाहीत, असे न्यायालयाने म्हटले आणि प्रक्रिया नव्याने करायला सांगितले. इथे कोणासाठी अट सैल झाली नव्हती, नियमही मध्येच बदलले नव्हते. तरी न्यायालयाने हात घातला, कारण अट आणि योजनेचा हेतू यांची तोंडे दोन दिशांना होती. उलाढालीची मोठी अट मेट्रोच्या पुलाला शोभते, खिचडीच्या मिश्रणाला शोभत नाही. एवढे साधे तारतम्य मंत्रालयात कोणालाच सुचले नसेल, यावर विश्वास ठेवणे कठीण आहे.

ऑक्टोबर २०२५ मध्ये शेजारच्या छत्तीसगडबाबतचा निकाल याच रांगेत बसतो. शाळांच्या क्रीडा साहित्याच्या निविदेत अट होती, की पुरवठादाराने आधीच्या तीन वर्षांत छत्तीसगडच्याच सरकारी संस्थांना सहा कोटींचा माल दिलेला असावा. न्यायमूर्ती संजय कुमार आणि आलोक आराधे यांनी ती रद्द केली. चेंडू आणि बॅट पुरवायला राज्याच्या भूगोलाचा अनुभव लागत नाही. अशा अटीने बाहेरच्याला दार बंद होते आणि व्यवसाय करण्याच्या हक्कावर घाव बसतो. ‘आमच्याच जिल्ह्यात काम केलेले असावे’, असे लिहायचा मोह ज्या कार्यालयांना होतो, त्यांनी हा निकाल टेबलाच्या काचेखाली ठेवायला हरकत नाही.

त्याच वर्षी मे महिन्यात एक प्रकरण गाजले, ज्यात अमरावतीचे नाव आडवाटेने आले. ठाणे-घोडबंदर ते भाईंदर बोगदा आणि उन्नत मार्ग, सुमारे १४ हजार कोटींचे काम, निविदा मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाची. लार्सन अँड टुब्रोची निविदा पहिल्याच लिफाफ्यात बाद झाली. कारण काय, ते कंपनीला सांगितले नाही. निविदेतच तरतूद होती, की कारणे काम दिल्यानंतर कळवली जातील. मुंबई उच्च न्यायालयाने त्या तरतुदीकडे बोट दाखवून दिलासा नाकारला. सर्वोच्च न्यायालयात प्रकरण तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठापुढे आले. गवई अमरावतीचे, शाळा फ्रेझरपुऱ्यातली. उमेदीची बरीच वकिली नागपूर खंडपीठात झालेली आणि एके काळी अमरावती महापालिकेचे स्थायी वकील. स्थानिक संस्थांच्या निविदा कशा असतात, हे त्यांना कोणी समजावून सांगायची गरज नव्हती.

आपली बोली तीन हजार कोटींहून अधिक कमी होती, असे कंपनीने न्यायालयात सांगितले. सेंट्रल व्हिस्टासारखे काम ज्या कंपनीला दिले, ती इथे अपात्र कशी, असे पीठाने विचारले आणि फेरनिविदेला प्राधिकरण तयार आहे का, तेही विचारले. ३० मे रोजी प्राधिकरणाने निविदाच मागे घेतली. त्यामुळे ती कंपनी खरोखर अपात्र होती की नव्हती, याचा निवाडा झालाच नाही. काम देईपर्यंत कारणे न सांगण्याची तरतूद योग्य आहे का, हेही अनिर्णित राहिले. बाद झालेल्याला कारण आधी कळले नाही, तर तो वेळेत न्यायालयात जाणार तरी कसा?

वेळेचा हा मुद्दा आता पूर्वीपेक्षा जास्त बोचतो. २०१८ साली विशिष्ट अनुतोष अधिनियमात दुरुस्ती झाली. पायाभूत सुविधांच्या प्रकल्पाला विलंब होईल असा मनाई हुकूम न्यायालयाने देऊ नये, असे त्यात आले. मार्च २०२२ मध्ये झारखंडच्या एका रस्त्याच्या निविदेवरून सर्वोच्च न्यायालयाने याच दुरुस्तीचा आधार घेत सांगितले, की अन्याय झाला असे वाटले तरी काम थांबवण्याऐवजी नुकसानभरपाईचा मार्ग दाखवावा. लोकांना रस्ता हवा असतो, खटला नको असतो, हे अकोला-अमरावती मार्गावर वर्षानुवर्षे हाडे खिळखिळी करून घेतलेल्या कोणालाही पटेल. पण भरपाईचा दावा म्हणजे आणखी काही वर्षे दिवाणी न्यायालयात, आणि लहान ठेकेदार तेवढा तग धरत नाही. ‘जाऊ द्या ना बाप्पा’ म्हणून तो पुढच्या निविदेकडे वळतो.

याच महामार्गाची कथा पात्रतेच्या अटींवर विश्वास ठेवणाऱ्यांनी एकदा नीट पाहावी. अमरावती ते चिखली चौपदरीकरणाचे काम आधी मिळाले ते आयएल अँड एफएस समूहातल्या कंपनीला. उलाढाल, अनुभव, यंत्रे, कागदावर सारे भक्कम होते. २०१८ मध्ये तो समूहच कोसळला आणि रस्ता खणलेल्या अवस्थेत पडून राहिला. नंतर काम चार तुकड्यांत विभागून नव्याने दिले गेले. त्यातल्या अकोला-अमरावती टप्प्यावर राजपथ इन्फ्राकॉन या कंपनीने जून २०२२ मध्ये १०५ तास ३३ मिनिटांत ७५ किलोमीटर डांबरीकरण करून गिनीज विक्रम केला. जिच्याकडे सगळे दाखले होते, तिने रस्ता उखडून ठेवला. तुकडे लहान केले, तेव्हा काम पुढे सरकले. निविदेचा आकार ठरवणे हाही पात्रता ठरवण्याचाच प्रकार असतो, फक्त त्यावर सहसा कोणी याचिका करत नाही.

न्यायालयात जाण्याआधीची एक पायरी मात्र बहुतेक जण चुकवतात. मोठ्या कामांत निविदापूर्व बैठक होते. पोर्टलवर शंका विचारायला काही दिवस असतात. अट जाचक वाटली तर तिथेच लेखी आक्षेप नोंदवायचा असतो. अट वाचून, मान्य करून निविदा भरायची आणि बाद झाल्यावर अटीविरुद्ध याचिका करायची, अशा माणसाचे न्यायालय सहसा ऐकत नाही. अकोल्याहून नागपूर अडीचशे किलोमीटर. तिथे वकील उभा राहतो, तेव्हा समोरून पहिला प्रश्न येतो: बैठकीत हा मुद्दा मांडला होता का, आणि त्याचे लेखी उत्तर कुठे आहे?